टपालगाडीच्या गाडीवानाचं काय झालं

आमच्या धाब्यावर जेवायला वीस मिनिटं लागतात. ट्रकवाला त्याहून जास्त वेळ बसत नाही आणि त्याहून लवकर मी त्याला उठू देत नाही. पहिली भाकरी तव्यावरून थेट ताटात जाते. दुसरी येईपर्यंत भरलं वांगं संपलेलं असतं. तिसरी आमटीत कुस्करायची, वर मूठभर भात, शेवटी ताक, झालं जेवण. सोलापूर-हैदराबाद रस्त्यावर, नळदुर्गच्या अलीकडे आमचा धाबा आहे आणि बावीस वर्षं मी तिथं तव्यापुढे बसते आहे. या बावीस वर्षांत माझ्या भाकरीला कुणी नाव ठेवलेलं नाही. ठेवलं असेल तर माझ्या माघारी, आणि माघारी राजालाही शिव्या देतात.

वीस मिनिटांचं आधीच सांगून ठेवते, कारण पुढचं सगळं त्यामुळेच घडलं.

गल्ल्यावर आमचे मालक बसतात. मालक म्हणजे माझा नवरा. अख्खा रस्ता त्यांना मालक म्हणतो म्हणून मीही म्हणते; खरा मालक कोण हे तव्यापुढे कोण बसतं यावरून समजून घ्यावं. मालकांच्या समोर भिंतीवर टीव्ही आहे आणि त्या टीव्हीनं आमच्या डोक्याला फार ताप दिला. आमच्याकडे तेलुगू बोलणारे येतात, कन्नड बोलणारे येतात, हिंदीवाले आणि आपले मराठी तर असतातच. एका भाषेचं चॅनल लावलं की बाकीच्यांची तोंडं वाकडी. त्यात रस्त्यावरून जाणाऱ्या गाड्यांचा आवाज. मग टीव्हीचा आवाज वाढवायचा, मग माणसांनी त्याच्यावर ओरडायचं, आणि मला कुणाला किती भाकऱ्या हव्यात ते कळायचं नाही. एकदा दोघांची रिमोटवरून ओढाओढी झाली आणि रिमोट ताकाच्या पातेल्यात पडला. पातेलंभर ताक ओतून द्यावं लागलं. त्या दिवशी मी दोघांनाही जेवायला घातलं, पण ताकाशिवाय.

मालकांनी आठ दिवस टीव्ही बंद ठेवला. मग दिवाळीला मुलगी घरी आली. ती सोलापूरला कॉलेजात सिनेमाचंच काहीतरी शिकते. तिनं एक पेनड्राइव्ह आणून टीव्हीला लावला. त्यात परदेशातले चौदा मूकपट होते, शंभर वर्षांपूर्वीचे, टोप्या घालून घोड्यावर बसणाऱ्या लोकांचे. मुलगी म्हणाली, मोठ्या खेळाच्या आधी लोकांची करमणूक म्हणून हे छोटे खेळ दाखवायचे, दोन दोन रिळांचे. थोड्याच दिवसांत बोलपट आले आणि या मुक्यांचा धंदा बसला. मी विचारलं, एक खेळ किती वेळाचा? ती म्हणाली, वीस मिनिटांचा.

मला तिथंच पटलं. मालकांना पटायला वेळ लागला. पैसे देऊन जेवायला आलेल्या माणसाला मुकं चित्र काय दाखवायचं, असं त्यांचं म्हणणं. मी म्हटलं, बोलतं दाखवून ताक गेलं, आता मुकं दाखवून बघा.

पहिल्याच दिवशी सगळा धाबा गप्प झाला. रेघारेघांचं, पाऊस पडल्यासारखं दिसणारं ते चित्र, त्यात पांढऱ्या टोपीचा हिरो, बारीक मिशांचा बदमाश, झालरीच्या झग्यातली पोरगी आणि धूळ उडवत पळणारे घोडे. मधूनमधून इंग्रजी अक्षरांची पाटी यायची. ती कुणी वाचायचं नाही. मी दहावी झालेली आहे, पण हाताचं पीठ पुसून मान वर करेपर्यंत पाटी गेलेली असायची. कुणाचं काही अडलं नाही. चार दिवसांत लोक आपापल्या भाषेत त्यांच्या तोंडचं बोलायला लागले. बदमाशाचं तेलुगूत, हिरोचं हिंदीत, पोरीच्या बापाचं उमरग्याकडच्या मराठीत. बदमाश तेलुगूत धमकी द्यायचा, हिरो त्याला हिंदीत उत्तर द्यायचा आणि दोघांचं चोख भांडण व्हायचं. हसून हसून माझ्या हातची भाकरी फाटायला लागली, आणि माझी भाकरी फाटत नसते.

आता मालकांची एक खोड सांगायला हवी. आमच्या पाटीवर ‘फॅमिलीसाठी स्वतंत्र सोय’ असं लिहिलेलं आहे. सोय म्हणजे कमरेएवढी एक भिंत. तिच्या पलीकडे बायका-पोरं बसतात आणि टीव्ही तिकडूनही दिसतो. त्या सगळ्या खेळांत शेवटी हिरो पोरीला जवळ घ्यायचाच. जवळ घेण्याआधी तो टोपी काढायचा. टोपी निघाली रे निघाली की मालक रिमोट उचलायचे आणि खट् करून पुढचा खेळ लावायचे. त्यांचा हात इतका बसला होता की गुंडाची टोपी उडाली तरी बोट बटणावर जायचं. कुणी तक्रार केली नाही. तोवर जेवणं झालेली असायची, लोक हात धुवायला हौदाकडे निघालेले असायचे. मीही टोपी निघाली की मान खाली घालत असे.

या सगळ्यांत आमचे अण्णा होते. हुमनाबादच्या पलीकडच्या कुठल्याशा गावचे. अठरा वर्षं आमच्याकडे जेवत होते, आठवड्यातून दोनदा, जाताना आणि येताना. सोलापुरातून कांदा भरून हैदराबादला न्यायचे. पन्नाशी उलटलेली, पोट सुटलेलं, आवाज खणखणीत. मला अक्का म्हणायचे आणि मी त्यांना अण्णा. माझी आई सीमेपलीकडची होती. ती गेल्यापासून माझ्याशी कन्नड बोलणारं कुणी उरलं नव्हतं. अण्णा ताटावर बसता बसता आईच्याच हेलात ‘अक्का’ म्हणायचे, आणि मला दिवसभर बरं वाटायचं. हे मी त्यांना कधी सांगितलं नाही. त्यांना सांगायची ती गोष्ट एवढीच, की मीठ बरोबर आहे, तुमचीच जीभ बिघडली आहे.

ट्रकवाल्यांची नजर कशी असते ते मला त्या खेळांमुळे कळलं. कॉलेजातली पोरं आली तर ती हिरो बघायची, बायका पोरीचा झगा बघायच्या, आणि ट्रकवाले गाडी बघायचे. एका खेळात टपालगाडी होती. चार घोडे जुंपलेली, उंच चाकांची, मागं सामान बांधलेली. आत पोरगी, छतावर पैशांची पेटी आणि पुढं उंच बैठकीवर दाढीवाला म्हातारा गाडीवान, तोंडात चिलीम. गाडी दिसली की सगळे सावरून बसायचे. घोड्यांचे लगाम कसे धरलेत, वळणावर आतलं चाक किती उचललं, ओझं मागं जास्त झालंय का, सगळ्याची चर्चा. बिचाऱ्या हिरोकडे कुणी बघत नव्हतं.

चौथ्या मिनिटाला बदमाश घाटात गोळी झाडायचे. गाडीवान बैठकीवरून कडेला पडायचा, दगडाच्या आड गडगडत जायचा आणि घोडे उधळायचे. मग हिरो यायचा. तो घोड्यावरून उधळलेल्या गाडीवर उडी मारायचा, पोरीला वाचवायचा, मग पेटीच्या मागं जायचा, मारामारी, पकडापकडी, टोपी, खट्.

पहिल्यांदा तो खेळ बघताना अण्णांचा घास हातातच राहिला. खेळ संपल्यावर ते हात धुऊन आले आणि माझ्यासमोर उभं राहून म्हणाले, “अक्का, त्या गाडीवानाचं काय झालं?”

मी म्हटलं, मला काय माहीत, मी भाकऱ्या भाजत होते.

पुढच्या फेरीला त्यांनी तोच खेळ लावायला लावला. त्याच्या पुढच्या फेरीलाही. हिरो त्या दगडाजवळूनच घोडा पळवत जातो आणि खाली पडलेल्या माणसाकडे ढुंकूनही बघत नाही, हे त्यांनी सगळ्यांना उभं राहून दाखवलं. मग धाब्यावर दोन पक्ष पडले. तेलुगू बोलणारा एक ट्रकवाला होता, उंच, सडपातळ, कमी बोलणारा. त्याचं म्हणणं गाडीवान मेला, विषय संपला. उमरग्याचा एक जण म्हणायचा, मेला बिला काही नाही, पोलिसाला जबाब द्यावा लागेल म्हणून झुडपातून घरी पळाला, मी बी तेच केलं असतं. एक पंजाबकडचा सरदारजी म्हणायचा की गाडीवान बदमाशांना सामील आहे. यावर अण्णा इतके चिडले की त्यांनी त्याच्या ताटातला कांदा उचलून आपल्या ताटात घेतला. कांदा आपल्या गाडीतला आहे, असं कारण दिलं.

मी मुलीला फोन करून विचारलं. तिनं शोधलं. हिरोचं नाव मिळालं, पोरीचं मिळालं, घोड्याचंसुद्धा नाव कुठंतरी लिहून ठेवलेलं होतं. गाडीवानाचं नव्हतं. आई, तो एक्स्ट्रा आहे, असं मुलगी म्हणाली. तिची परीक्षा होती, मी फोन ठेवला. अण्णांना हे सांगितलं तर त्यांना माझाच राग आला.

“गाडी घाटापर्यंत आणली कुणी मग?” ते म्हणाले. “हिरोनं?”

त्यानंतर तो आमच्या धाब्यावरचा वाक्प्रचारच झाला. कुणाची गाडी यायला उशीर झाला, कुणाचा फोन लागेना, की लोक विचारायचे, गाडीवानाचं काय झालं? हसून विचारायचे.

चैत्रात एका गुरुवारी अण्णा आले नाहीत. माल मिळाला नसेल म्हटलं. सोमवारीही आले नाहीत. बुधवारी एक ओळखीचा ट्रकवाला भाकरी मोडता मोडता म्हणाला की जहीराबादच्या पुढं अण्णांची गाडी रस्त्याखाली उलटी पडलेली त्यानं पाहिली. टायर फुटलं असावं. केबिन चेपली होती. गाडीमागचा लाल गोंडा त्यानं ओळखला. मी विचारलं, आणि अण्णा? तो म्हणाला, कांदा दुसऱ्या गाडीत भरून गेला म्हणे. दुपारी दुसरा आला. त्यानं सांगितलं की क्रेननं गाडी उचलली, दोन तासांत रस्ता मोकळा झाला. संध्याकाळी तिसरा. त्याला कांद्याचा भाव माहीत होता.

मी परात आपटली. तीन बापे माणसं, तिघांनी कांद्याचं सांगितलं. गाडीचं सांगितलं, रस्त्याचं सांगितलं. माणसाचं कुणाला माहीत नाही. तिघांच्या वाटचं जे बोलायचं ते मी त्या तिसऱ्यालाच बोलले. तो बिचारा ताक न पिता गेला.

पण माझा राग माझ्यावरही होता. अण्णांचा फोन बंद लागत होता आणि दुसरा नंबर आमच्याकडे नव्हता. त्यांना तिखट किती लागतं, वांग्याचं देठ ते आधी खातात की शेवटी, हे मला अठरा वर्षं माहीत होतं. गावाचं नाव माहीत नव्हतं. घरी कोण कोण आहे ते मोघम माहीत होतं. मालकांना त्यांच्या गाडीचा नंबर तोंडपाठ होता, पण ती गाडी कुठल्याशा पोलीस ठाण्याच्या आवारात पडलेली असणार. अठरा वर्षं जेवू घातलं आणि माणूस कुठला ते विचारलं नाही, याची मला फार लाज वाटली.

येरमाळ्याला माझी नणंद दिलेली आहे. तिला फोन करून येडाईला खण-नारळ बोलून ठेवायला सांगितलं. नवस दुसऱ्याच्या तोंडून चालतो का ते देवीनं बघावं. मला तवा सोडून जाता येत नव्हतं. मालकांनी जो येईल त्याला सांगून ठेवलं की जहीराबाद, बीदर, हुमनाबाद, कुठंही थांबलात तर दवाखान्यात चौकशी करा. सगळे हो म्हणाले. तो कमी बोलणारा तेलुगू ट्रकवाला हो पण म्हणाला नाही, नुसता गाडीचा नंबर कागदावर उतरवून घेऊन गेला. टपालगाडीचा खेळ मालक लावेनासे झाले. बाकीचे तेरा चालू होते, पण कुणी मोठ्यानं बोलत नव्हतं, आणि गाडीवानाचं काय झालं हे तर कुणीच विचारत नव्हतं.

असे वीस-बावीस दिवस गेले. एक दिवस त्या तेलुगू माणसाचा मालकांना फोन आला. आवाज तुटत होता. “कल आतूं मैं,” एवढंच म्हणाला आणि फोन कटला. मालक माझ्याकडे बघत राहिले. चांगली बातमी असती तर त्यानं फोनवरच सांगितली असती असं त्यांच्या मनात होतं, आणि माझ्या मनातही तेच होतं. आम्ही दोघांनी ते एकमेकांना बोलून दाखवलं नाही.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी त्याचा ट्रक आमच्यासमोर येऊन थांबला. मी तव्यावरून उठून बाहेर आले. उजवं दार उघडून तो उतरला. त्यानं माझ्याकडे पाहिलं नाही. खाली मान घालून तो गाडीला वळसा घालून पलीकडे गेला. मग डाव्या बाजूचं, क्लीनरचं दार उघडल्याचा आवाज आला. गाडीच्या खालून मला दोन पाय दिसले, चपला घातलेले, फुटबोर्ड चाचपडणारे. अठरा वर्षांत अण्णांना मी डावीकडून उतरताना कधी पाहिलं नव्हतं, म्हणून ओळखायला वेळ लागला.

उजवा हात खांद्यापासून बोटांपर्यंत प्लास्टरमध्ये, गळ्यात झोळी, पोट अर्ध्यावर आलेलं. पण आवाज तोच.

“अक्का, भाकरी हाय का?”

मी त्यांना आधी झापलं. फोन कुठं घातला, एक निरोप देता येत नव्हता का, माणसं जिवंत आहेत की मेली ते दुसऱ्यानं कसं ओळखायचं, सगळं विचारून घेतलं. मग मी रडले. धूर डोळ्यात गेला म्हणायची सोय नव्हती, कारण आम्ही मागच्याच वर्षी गॅसची शेगडी घेतली होती. सगळ्यांसमोर रडले आणि आत जाऊन डब्यातलं चांगलं पीठ काढलं.

अण्णा बसले. भोवती सगळे गोळा झाले. फोन केबिनमध्ये चेपला गेला होता आणि नंबर एकही पाठ नव्हता. रस्त्याकडेच्या शेतातल्या लोकांनी त्यांना बाहेर काढून बीदरला पोचवलं. हातात सळई घातली. तेलुगू ट्रकवाल्यानं तीन दवाखाने पालथे घालून पत्ता मिळवला आणि मग सरळ त्यांच्या घरी जाऊन त्यांना गाडीत घातलं. त्याला विचारलं, फोनवर का नाही सांगितलंस? तर म्हणाला, “बोलने का क्या है, लाके दिखाया ना.”

मग अण्णा खाली बघून म्हणाले की ते आम्हाला सांगायलाच आले आहेत. आता वाट बघू नका. पोरगा म्हणतो, पुरे झालं. बायको म्हणते, पुरे झालं.

“आणि तुमी?” मालकांनी विचारलं.

“साकु,” अण्णा म्हणाले. म्हणजे पुरे. “हाताचं न्हाय, मालक. हात बसंल. डाक्टर बोललाय. पण गाडीच्या दारापाशी गेलं की पायच वर चढंना. आज ह्याच्या गाडीत बसताना डोळे झाकून बसलो.”

अठरा वर्षं या माणसानं गाडीशिवाय दुसरं काही बोललेलं मी ऐकलं नव्हतं. मी पहिली भाकरी ताटात टाकली आणि तेव्हा ध्यानात आलं की त्यांना ती मोडता येत नाही. डाव्या हातानं ते भाकरीशी झटापट करत होते आणि भाकरी ताटभर फिरत होती.

मालक गल्ल्यावरून उठले. गिऱ्हाईक असताना ते गल्ला सोडत नाहीत. आमच्या मुलीच्या बारशालाही सोडला नव्हता, हे मी विसरलेले नाही. उठायच्या आधी त्यांनी टपालगाडीचा खेळ लावला. अण्णा आलेत तर त्यांचा खेळ हवा, एवढाच विचार. रिमोट गल्ल्यावर ठेवला, अण्णांशेजारी येऊन बसले आणि दोन्ही हातांनी भाकरी आमटीत कुस्करायला लागले. मनगटापर्यंत आमटी. अण्णा डाव्या हातानं चमच्यानं खात होते, सांडत होते, पुन्हा खात होते.

टीव्हीवर गाडी घाटात आली. गोळी सुटली, म्हातारा पडला. अण्णांनी चमचा खाली ठेवला आणि पुन्हा उचलला. हिरो आला, उडी, मारामारी, पेटी. वीस मिनिटं संपत आली तरी अण्णांचं अर्धं ताट बाकी होतं, आणि ते बसले होते म्हणून त्या दिवशी हात धुवायला कुणी उठलं नव्हतं.

हिरोनं टोपी काढली.

मालकांचा हात उठला आणि तसाच राहिला. आमटी कोपरावरून ओघळत होती. गल्ला दहा पावलांवर. भिंतीपलीकडे लातूरकडचं एक कुटुंब बसलेलं होतं, सासू, सून, लेकरं. मालक अर्धवट उठून म्हणाले, अहो, कुणीतरी ते बंद करा. कुणी हललं नाही. हिरोनं पोरीला जवळ घेतलं, चांगलं सावकाश घेतलं. मी सवयीनं मान खाली घातली. मालकांनी डोळे मिटले.

तेवढ्यात अण्णांचा डावा हात टेबलावर आपटला. मी वर पाहिलं.

खेळ संपलेला नव्हता. ज्या घरात हे चाललं होतं त्याचं दार उघडून हिरो आणि पोरगी बाहेर आली. दारात टपालगाडी उभी होती, चारही घोडे जुंपलेले. आणि वर बैठकीवर तो म्हातारा बसला होता. डोक्याला ही एवढी पट्टी, तोंडात चिलीम, लगाम हातात. हिरोनं पोरीला गाडीत बसवलं, स्वतः बसला. म्हाताऱ्यानं मागं वळून दोघांकडं पाहिलं, दात नसलेलं तोंड उघडून हसला, लगाम झटकला आणि गाडी धूळ उडवत निघून गेली. मग चारी बाजूंनी काळोख गोल गोल आत आला आणि गाडी त्यात दिसेनाशी झाली.

मग काय गोंधळ झाला म्हणता. उमरग्याचा तो ट्रकवाला बाकावर उभा राहिला. मेला म्हणणाऱ्या तेलुगू माणसानं दोन्ही कान धरले. सरदारजी असता तर त्यानंही माफी मागितली असती. मालकांनी आमटीच्या हातानंच रिमोट उचलून खेळ मागं नेला, आणि तो शेवट आम्ही चार वेळा पाहिला. लातूरच्या सासूबाई भिंतीवरून वाकून विचारायला लागल्या की कोण आलं, कुणाचं लग्न आहे. चारही वेळा हिरोनं पोरीला जवळ घेतलं आणि कुणाचं तिकडं लक्षच नव्हतं.

अण्णा हसत होते. प्लास्टरचा हात हलून दुखत होता, आई गं म्हणत होते आणि हसत होते. हसता हसता मालकांकडे वळले.

“मालक,” ते म्हणाले, “सहा महिने झालं, तुमी ह्या माणसाला मारून ठेवलाव.”

मालक ओशाळले. रिमोट पुसत पुटपुटले की पोरगी मिळाली की खेळ संपतो, असं त्यांना वाटलं होतं. पुढं काही असतं हे कुणाला माहीत? मी म्हटलं, लग्नाला पंचवीस वर्षं झाली, आतातरी माहीत असायला हवं होतं. सगळा धाबा हसला, मालकसुद्धा.

अण्णांनी त्या दिवशी चार भाकऱ्या खाल्ल्या. गाडी पुन्हा चालवायचं ते काही बोलले नाहीत आणि मी विचारलं नाही. जाताना मी त्यांच्या गावाचं नाव, बायकोचा नंबर आणि पोराचा नंबर मुलीच्या जुन्या वहीत लिहून घेतला. आता जे नेहमीचं गिऱ्हाईक आहे त्याचं घर मी त्या वहीत लिहिते. कुणी कुरकुरलं तर भाकरी उशिरा येते. अण्णा ट्रकच्या डाव्या दारापाशी गेले, जरा थांबले, आणि चढले. डोळे उघडे होते की मिटलेले ते मला मागून दिसलं नाही. येडाईचा खण-नारळ मी त्याच आठवड्यात पोचता केला.

मग बरेच दिवस फक्त फोन होत राहिले. प्लास्टर निघालं, हात वळतो, चमचा धरता येतो, असं अण्णांची बायको, म्हणजे आमच्या वहिनी, सांगायच्या. गाडीचं त्या काही सांगत नव्हत्या.

पोळ्याच्या आधी आठेक दिवस असतील. जेवणाची वेळ, धाबा भरलेला, टपालगाडीचा खेळ चालू. आता तो खेळ पुरता दाखवतात. टोपी निघाली की मालक छताच्या पंख्याकडे बघतात. मी भाकरी थापत होते. बाहेर एक गाडी थांबली. केबिनला नवा रंग, मागं लाल गोंडा. मी हातातला गोळा तसाच धरून पाहत राहिले. उजवं दार उघडलं.

अण्णा सावकाश उतरले. दार लावलं, टायरला एक लाथ मारून पाहिली आणि आत येऊन आपल्या जागेवर बसले. टीव्हीकडे त्यांची पाठ होती.

“अक्का,” ते म्हणाले, “तो बसला का गाडीवर?”

“कधीचाच,” मी म्हटलं, आणि भाकरी तव्यावर टाकली.